तिसऱ्या हाकेला उघडलेली फाइल

माझा भुतांवर विश्वास नाही. अंजलीची दुपटी अंधार पडेपर्यंत दोरीवर राहिली तर मी ताटावरून उठून काढायला धावते, पण ते दव पडतं म्हणून. तिच्या तळपायाला काजळाची तीट लावते, ती सासूबाईंना बरं वाटावं म्हणून. फिजिक्स घेऊन एमएस्सी झालेल्या बाईला एवढी कारणं तयार ठेवावीच लागतात. ही गोष्ट लिहून काढण्याचं कारण मात्र माझ्याकडे तयार नाही. डोक्यातून जात नाही, एवढंच. लिहिलीस की जाईल, असं राज म्हणतो. राजला, माझ्या नवऱ्याला, उशी दिसली की झोप लागते, त्यामुळे त्याच्या सल्ल्यावर किती भिस्त ठेवायची हा प्रश्नच आहे.

सांगितली रंगनाथमामांनी. मामा म्हणजे सासूबाईंचे थोरले भाऊ. सगळं आयुष्य सातपूरच्या कारखान्यात पाळ्या करण्यात गेलं. मशीनच्या वर आवाज चढवून बोलायची सवय निवृत्त झाल्यावरही सुटली नाही. गोष्ट सांगताना मात्र आवाज इतका खाली आणतात, की ऐकणाऱ्याला पुढे सरकून बसावं लागतं. ती त्यांची युक्ती आहे. युक्ती आहे हे कळूनही मी सरकलेच.

दोन हजार नऊ सालचा मे महिना होता. आम्ही मामांकडे सातपूरला जेवायला गेलो होतो आणि जेवणं उरकता उरकता लाइट गेले. मामी खाली भांडी आवरत होत्या. आम्ही गच्चीवर सतरंजी टाकली. मी, राज, त्याची धाकटी बहीण मनीषा आणि माझ्या मांडीवर दहा महिन्यांची अंजली, टक्क जागी. मनीषा कॉम्प्युटर इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला. तिचा प्रोजेक्ट अडला होता आणि ती गाऱ्हाणं सांगत होती.

"मोठी झिप फाइल आहे मामा. झिप म्हणजे गाठोडं समजा. शेकडो फाइली आत बांधलेल्या. मला सगळं गाठोडं सोडायचं नाहीये. आतली एकच फाइल वाचायचीय. त्यासाठी लायब्ररी असते."

"लायब्ररी? वाचनालय?"

"नाही हो. कुणीतरी आधीच लिहून ठेवलेला कोड. आपण तो वापरायचा. त्याला फक्त फाइलीचं नाव सांगायचं. तो गाठोड्यात बघतो, तेवढीच शोधतो आणि बाहेर काढून देतो."

मामा सुपारी कातरत होते. "म्हणजे नावानं हाक मारायची. आत असेल तर ती ओ देणार."

"बरोबर. छान सांगितलंत."

"आणि पहिल्या हाकेला नाही आली तर?"

"तर परत ट्राय करायचं. मी लूप टाकलाय. तीनदा बघतो, मग सोडून देतो."

अडकित्ता थांबला. मामा म्हणाले, "अंधार पडल्यावर चालवू नकोस तेवढं."

राज हसला. "झालं. मामांनी झिपमध्येपण भूत कोंबलं."

"मी नाही कोंबलं," मामा म्हणाले. "समाधानला विचार. आता पुण्याला असतो तो. त्याच्यावर गुदरलेलं आहे, आणि इथेच. तू बसलायस त्याच्या बरोब्बर खाली."

राज नकळत थोडा बाजूला सरकला. हे मी लिहितेय ते त्याला आवडणार नाही.

तर मामांनी सांगितलं ते असं.

मामांच्या घराला खाली रस्त्याच्या अंगाला एक गाळा आहे, शटरचा. तेव्हा तो समाधान नावाच्या मुलाने भाड्याने घेतला होता. बीसीएस झालेला, हुशार, जरा घाईचा. दिवसा आसपासच्या वर्कशॉपना हिशेबाचे छोटे प्रोग्राम लिहून द्यायचा. आणि लोकांच्या जुन्या कॅसेटी कॉम्प्युटरवर उतरवून सीडी करून द्यायचा. लग्नाच्या, कीर्तनाच्या, गेलेल्या वडलांच्या आवाजाच्या.

त्याला मागे एकदा मोठं काम मिळालं होतं. कॉलेजातल्या एक बाई पेठ-सुरगाण्याच्या डोंगरात गावोगाव फिरून बायकांची गाणी टेप करायच्या. दोन पोती कॅसेटी त्यांनी समाधानकडे आणून टाकल्या. त्याने एकेक गाणं उतरवलं, प्रत्येकाला गाणारणीचं नि गावाचं नाव दिलं, सगळ्याची मिळून एक झिप बांधली आणि ती सीडीवर घातली. एक सीडी बाईंना, एक स्वतःला. पुढे बाई निवृत्त होऊन मुलाकडे परदेशी गेल्या. कॅसेटींना बुरशी आली, त्या फेकल्या गेल्या. समाधानची सीडी तेवढी त्याच्या खणात राहिली.

दोन हजार पाच सालचा डिसेंबर. तीस तारीख, शुक्रवार. सकाळीच अमावास्या लागलेली. दुपारी एक माणूस मोटरसायकलवरून गाळ्यापाशी आला. मागे झेंडूच्या रिकाम्या जाळ्या बांधलेल्या. मार्केटात फुलं घालून परत निघाला होता. नाव निवृत्ती, राहणार गिरणाऱ्याकडचा.

"सीडी हाय का ती, बायांच्या गाण्यांची?" त्याने विचारलं. "त्या म्याडमच्या बंगल्यावर गेलतो. वॉचमन बोलला, सातपूरला इचारा."

"आहे. कशाला हवी?"

"त्यात माझ्या बायकोचं गाणं हाय. छाया. तिच्या माहेरी, पेठकडं, लग्नाच्या आधी घेतलं होतं. भावाचं पोर झोळीत टाकून हलवत होती, म्याडम आल्या नि म्हनल्या, गा." तो थांबला. "दिवाळीच्या आधी पहाटे फुलं तोडताना पान लागलं तिला. गेली."

पान लागलं म्हणजे साप चावला. तिकडे त्याचं नाव घेत नाहीत.

समाधानने त्याला बसायला स्टूल दिलं. निवृत्ती बसला नाही. पोर आहे, म्हणाला. बंटी, दीड वर्षाचा. आई गेल्यापासून त्याचं बोलणं बंद झालंय. खात नाही, झोपत नाही, दिवेलागणीपासून रडायला लागतो तो उजाडेपर्यंत. दोन डॉक्टर झाले, रक्त तपासून झालं, काही सापडत नाही. अंगावरचं मांस उतरत चाललंय. "आई म्हनती, पोर हातचं चाललंय. एकदा तिचा आवाज कानावर पडला तर जीव धरंल."

समाधानने सीडी काढली. पाठीवर उभा-आडवा ओरखडा होता. त्याने नेहमीच्या पद्धतीने झिप उघडायला घेतली तर ओरखड्यापाशी येऊन कॉम्प्युटर थांबला आणि म्हणाला, फाइल खराब आहे. परत केलं, परत तेच. गाठोडं सुटायलाच तयार नाही. तेवढ्यात लोडशेडिंगची वेळ झाली आणि लाइट गेले.

"रात्री आठला येतील," समाधान म्हणाला. "सगळं उघडायची गरजच नाही आपल्याला. तिचं एक गाणं पुरे. मी त्यासाठी छोटा प्रोग्राम लिहितो. तुम्ही उद्या या."

निवृत्ती उद्या आला नाही. त्याच रात्री आला, आईला आणि पोराला मोटरसायकलवर मागे बसवून, त्या थंडीत. घरी सीडी लावायला काही नव्हतं. पोराला ऐकवायचं तर इथेच, असं म्हाताऱ्या आईने ठरवलं होतं. तिचं नाव नवसाबाई. तिने पोराला शालीत इतकं गुंडाळलं होतं, की आधी नुसतं रडणंच आत आलं, पोर मागून दिसलं.

"कसं रडणं?" मी विचारलं. मला विचारायचं नव्हतं.

"आवाज संपलेलं," मामा म्हणाले. "तोंड उघडायचं, नि नुसती हवा."

मी अंजलीचं टोपडं सारखं केलं. ते सारखंच होतं.

लाइट आलेले होते. समाधान प्रोग्राम लिहून तयार होता. मामा त्या रात्री तिसऱ्या पाळीला गेले होते, वर मामी एकट्याच, आणि त्या झोपलेल्या. रस्त्यावर कुत्रंसुद्धा नव्हतं इतकी थंडी. समाधानने वारा लागू नये म्हणून शटर गुडघ्यापर्यंत खाली ओढलं. पोरगं शिकवलेलं, आणि आपल्या कामाचं कौतुक असणारं. तो नवसाबाईंना समजावून सांगायला लागला.

"आजी, हे बघा, या सीडीत शेकडो बाया आहेत. मी फक्त तुमच्या सुनेच्या नावाने विचारणार. सीडीला चरा पडलाय, पहिल्यांदा कदाचित ऐकू येणार नाही. म्हणून मी असं लिहिलंय, की तीनदा हाक मारायची."

नवसाबाई पोराला थोपटत होत्या. हात थांबला.

"कुनाला तीनदा हाक मारायची?"

"छायाताईंना. म्हणजे त्यांच्या फाइलीला."

"आज आवस हाय बाबा."

"हो. मग?"

नवसाबाईंनी सांगितलं ते आपण सगळ्यांनीच लहानपणी ऐकलेलं आहे. रात्री बाहेरून कुणी नावाने हाक मारली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. जिवंत माणूस असेल तर ते परत हाक मारतं. मेलेलं एकदाच मारतं. त्याला दुसरी हाक मारता येत नाही. माझी आजीसुद्धा हे सांगायची, आणि होस्टेलवर मी मैत्रिणीच्या पहिल्या हाकेला कधी दार उघडलं नाही, ते अभ्यासात लक्ष होतं म्हणून.

पण नवसाबाईंनी त्याच्या पुढचंही सांगितलं, जे मी ऐकलेलं नव्हतं. "आनि आपन मेल्या मानसाला आवसंच्या राती नाव घिऊन तीन हाका मारल्या, तर त्याला यावंच लागतं. मन असो नसो. म्हनून बाया मयतावर रडतानी नावानं रडत न्हाईत. माजी आई, माजी बाई, असं रडत्यात."

समाधान हसला. "आजी, ही माणसाची हाक नाही. कोड आहे. तीनच्या जागी पाच लिहू का?"

निवृत्ती म्हणाला, "आई, ऱ्हाऊ दे. सकाळच्याला येऊ."

तेवढ्यात पोराने पुन्हा तोंड उघडलं. हवा. नवसाबाईंनी त्याच्या बरगड्यांवर हात ठेवला आणि बराच वेळ तो तसाच ठेवला. सकाळपर्यंतचा काही हिशेब त्या हातात झाला असावा.

"मार," त्या समाधानला म्हणाल्या. "मार तीन हाका. येऊ दे आली तर."

समाधानने बटण दाबलं.

सीडी फिरायला लागली. घर्रर्र आवाज झाला, दिवा लुकलुकला. पडद्यावर ओळ आली. वाचता येत नाही. प्रोग्रामने आपणहून दुसऱ्यांदा विचारलं. परत घरघर. जास्त वेळ. वाचता येत नाही.

तिसऱ्यांदा…

तिसऱ्यांदा सीडी फिरलीच नाही. दिवा लागला नाही. आणि फाइल आली.

"त्याला काहीतरी कारण असेल," मनीषा म्हणाली. "मेमरीत आधीचं राहिलं असेल."

"असेल," मामा म्हणाले. "समाधानलाही तेच वाटलं तेव्हा."

त्याने गाणं लावलं. आधी नुसती करकर आली, झोळीची दोरी आढ्याला घासते तशी. मग लांबून कोंबडं. मग बाईचा आवाज. कोवळा, थोडा लाजलेला.

नीज नीज माझ्या बाळा,
नागलीच्या शेतामधी
वारा निजला रं भोळा…

निवृत्ती भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. आणि पोर गप्प झालं. त्या एवढ्याशा गाळ्यात एकदम इतकी शांतता झाली, की समाधानच्या कानात कुई असा आवाज यायला लागला. पोराने शालीतून मान बाहेर काढली. स्पीकरकडे बघितलं. मग स्पीकरच्या थोडं वर. मग आणखी वर. एखादं माणूस उभं राहताना आपण त्याच्या तोंडाकडे बघत जातो, तसं.

आणि हसलं.

नवसाबाईंच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. "धरलं रं माज्या राजानं, धरलं." समाधानला स्वतःचा अभिमान वाटला. ते त्याने मामांना नंतर सांगितलं, लाजून. गाणं संपलं तसं त्याने परत सुरुवातीपासून लावलं.

करकर. कोंबडं. आवाज.

नीज नीज माझ्या बंटी…

समाधानला वाटलं आपण नीट ऐकलं नाही. निवृत्ती भिंतीकडून वळला. त्याच्याकडे बघून समाधानला कळलं, की नीट ऐकलंय.

टेप केलं तेव्हा छायाचं लग्नसुद्धा झालेलं नव्हतं.

"बंद कर," निवृत्ती म्हणाला.

समाधानचा हात माऊसवर गेला… आणि लाइट गेले.

वेळ नव्हती जायची. पण गेले. यूपीएसची बॅटरी कधीचीच मेली होती, कॉम्प्युटर जागीच बंद पडला. गाणं तुटलं. काळोख. शटरखालून येणारा गार वारा तेवढा पायांना लागत होता.

गाणं तुटलं… पण करकर चालूच होती.

मामा थांबले. लांब एमआयडीसीत कुठल्यातरी कंपनीचा जनरेटर चालू होता, तेवढाच आवाज. मी अंजलीकडे बघितलं. ती माझ्या खांद्यावरून मागे बघत होती. मुलं बघतात अशी. सगळ्यांचीच बघतात. मी पुस्तकात वाचलंय.

"कुठून येत होती करकर?" राजने विचारलं. आवाज खाली आणून.

"बाहेरून. शटरच्या पलीकडून."

जवळ. अगदी जवळ. झोळी हलावी तशी. येते, जाते. येते, जाते. समाधान खुर्चीला चिकटून बसला.

मग थांबली.

आणि हाक आली.

"बंटीऽऽ…"

स्पीकरमधून नाही. रस्त्यावरून. शटर जिथे उघडं होतं, तिथून. गुडघ्याएवढ्या उंचीवरून… कुणी वाकून आत बघत हाक मारावी तशी.

दोन महिने ज्या पोराच्या तोंडून शब्द फुटला नव्हता, ते अंधारात म्हणालं,

"ओ."

स्पष्ट. लाडाने.

नवसाबाईंनी त्याच्या तोंडावर हात दाबला. उशीर झाला होता. शालीत पोराची धडपड सुरू झाली. रडणं नाही. खाली उतरायची धडपड. दाराकडे. दीड वर्षाचं, हाडं लागणारं पोर, आणि दोन्ही हातांनी धरूनही म्हातारीला आवरेना.

"आई," निवृत्ती म्हणाला. "तिचाच आवाज हाय."

"हाय ना."

"मी बघतो भाईर."

"बस खाली."

"आई, तीच हाय ती…"

"तीच हाय. मग दुसऱ्यांदा मारू दे तिला हाक," नवसाबाई म्हणाल्या. "दुसरी हाक आली तर मी सोता शटर वर करते. पोर तिच्या हातात देते. बस."

निवृत्ती बसला.

आणि ते तिघं दुसऱ्या हाकेची वाट बघत राहिले.

मामांनी अडकित्ता मिटून खाली ठेवला. म्हणाले, "समाधान मला म्हणाला, काका, भीती मला पहिल्या हाकेची वाटली नाही. ती आली नि गेली. पण नंतर तो माणूस जे ऐकत बसला होता ना अंधारात… मान पुढे काढून, श्वास धरून. त्याला दुसरी हाक यायला हवी होती. मलापण वाटायला लागलं, येऊ दे. एकदा येऊ दे. जिवंत असू दे तिला."

वारा शटरला लागत होता. पत्रा हलका वाजायचा. दर वेळी निवृत्ती अर्धा उठायचा.

हाक आली नाही.

बराच वेळ… आली नाही.

पोराची धडपड वाढली. नवसाबाईंचा श्वास लागला होता. मग त्या बोलल्या. शटरकडे तोंड करून, शेजारणीशी बोलावं तशा साध्या आवाजात.

"छाया. मीच बोलवलं तुला. माजाच जीव ऱ्हायना म्हनून बोलवलं. रागवायचं तर माज्यावर रागव. पोर तुजंच हाय, माजं न्हाय. पन दूध मलाच पाजावं लागल, नि शाळंत मलाच घालावं लागल. तुला न्हाय जमायचं आता. समजून घे बाई. त्याला निजवून दे… नि जा."

पत्रा वाजायचा थांबला.

मग ती करकर परत सुरू झाली. हळू. येते, जाते. प्रत्येक झोक्याला थोडी लांब. शटरपासून रस्त्याकडे. रस्त्यापासून पलीकडे. नवसाबाईंच्या हातातली धडपड सैल पडत गेली. मग पोर एकदम जड झालं.

निवृत्तीने आईकडे झेप घेतली. समाधानने काडी पेटवली. पोराचे डोळे मिटलेले. मान कलंडलेली. नवसाबाईंनी त्याच्या नाकापाशी बोट धरलं. काडी विझली. दुसरी पेटवली. बोट तसंच. कुणी विचारेना.

माझा हात कधीच अंजलीच्या नाकापाशी गेला होता. तिने तो धरून तोंडात घातला.

"हाय," नवसाबाई म्हणाल्या. "चालू हाय. झोपलाय."

तो उजाडेपर्यंत झोपला. ते तिघं शटर पूर्ण खाली ओढून तिथेच बसून राहिले. लाइट पहाटे आले, पण कॉम्प्युटर कुणी लावला नाही. सकाळी पोराला शेजारच्या टपरीवरून दूध आणून दिलं, त्यात खारी बुडवून. दोन खाल्ल्या. तिसरीला हात पुढे केला.

राजने मोठा श्वास सोडला. "म्हणजे वाचला."

"वाचला की. पहिलीत जाईल आता जूनमध्ये. निवृत्ती दसऱ्याला झेंडू आणून देतो, तेव्हा पोरगं बरोबर असतं. भारी बडबड्या. गेल्या दसऱ्याला माझा चष्मा घालून पळाला."

"निवृत्तीने पुन्हा लग्न केलं?" मनीषाने विचारलं.

"नाही केलं." मामांनी सुपारी तोंडात टाकली. "नवसाबाई मागे लागतात. तो म्हणतो, बघू."

"चला मग," राज म्हणाला. तो उठायला लागला होता. "सगळं ठीक झालं. बाई आल्या, पोराला निजवून गेल्या. असली भुतं परवडली."

"बस की. सकाळचं राहिलं माझं."

राज बसला.

"मी पाळीवरून आलो तेव्हा ते लोक नुकतेच गेले होते," मामा म्हणाले. "समाधान पायरीवर बसलेला. तोंड धुतलेलं नाही. मला सगळं सांगितलं. मी त्याला रागवलो. म्हटलं, शिकलेला तू, थंडीने नि रडण्याने डोकं फिरलं असेल सगळ्यांचं. चल, लाव ती सीडी माझ्यासमोर. चांगलं ऊन होतं, शटर पूर्ण वर. रस्त्यावर पाळी सुटलेली माणसं, सायकली. त्याने प्रोग्राम चालवला. पहिल्याच हाकेला फाइल आली. गाणं लागलं. कोंबडं, करकर, सगळं तो म्हणाला तसं. पण ती 'बाळा'च म्हणत होती. बंटी नाही. मी म्हटलं, बघ. त्याला बरं वाटलं. मलाही बरं वाटलं."

"मग?"

"मनीषा, मला एक सांग. ती तेव्हाची सीडी, एकदा भरली की तिच्यात नंतर काही घालता येतं?"

"तसली साधी असेल तर नाही, मामा. एकदा लिहून बंद केली की संपलं. बदलता येत नाही."

"समाधानही हेच म्हणाला." मामांचा आवाज आता इतका खाली गेला होता, की आम्ही तिघंही त्यांच्या गुडघ्याला लागलो होतो. "गाणं संपलं. मी उठणार होतो. त्याने माझा हात धरला. म्हणाला, थांबा, अजून आहे, रात्री इथेच संपलं होतं, पण पडद्यावरचे सेकंद अजून पळतायत. गाणं संपल्यावर ती झोळीची करकर कमी कमी होत जाते. थांबतच येते जवळजवळ. आणि मग… मी माझ्या कानांनी ऐकलंय पोरी, त्या उन्हात… लहान पोराचा आवाज. एकदाच."

ते थांबले.

"ओ."

मनीषाने माझा दंड धरला.

"आणि त्यानंतर ती थांबत आलेली झोळी… परत हलायला लागते."